पगारी तक्रारखोर आणि डेपोवाडीची घोंगडी

आमच्या घरात कुणी हळू बोलत नसे. अप्पा अळणावरला लाकूड कापायच्या मिलमध्ये कामाला होते. गोल पात्याच्या करवतीसमोर उभं राहून राहून त्यांचे कान गेले. एकदम गेले नाहीत. आधी टिटवी गेली, मग आईची हाक गेली, मग मुकादमाची शिटी गेली. शिटी ऐकू न येणारा माणूस करवतीपाशी उभा करणं धोक्याचं, म्हणून मालकानं त्यांना भुसा झाडायला लावलं. मजुरी निम्मी झाली. भुसा तेवढा फुकट मिळायचा. पत्र्याच्या शेगडीत मधोमध बाटली उभी करायची, भोवती भुसा ठासायचा, बाटली अलगद काढायची आणि पेटवायचं. त्याच्यावर आमचा भात शिजायचा. तांदूळ नसला तर कण्या. आई वनखात्याच्या रोपवाटिकेत पिशव्यांत माती भरायला जायची. थोरल्या अक्कानं शाळा सोडली आणि तीही पिशव्या भरायला लागली. माझी शाळा चालू राहिली त्याचं कारण हुशारी नव्हे. मी दोन पिशव्या भरेपर्यंत तिसरी फाडायचे. आई म्हणाली, "हिला शाळेतच घाला, स्वस्तात पडेल."

तर अशा घरातली, जिथं 'मीठ दे' म्हटलेलंही पलीकडच्या गल्लीला ऐकू जायचं, त्या घरातली मुलगी पुढं आवाज टिपायच्या धंद्यात पडली.

मधलं थोडक्यात सांगते. धारवाडात सप्तापूरला एका खोलीत आम्ही चौघी मुली राहायचो, पाळीपाळीनं स्वयंपाक करायचो. बी. ए. झाले. आईकडून आणि अप्पांकडून, दोन्ही घराण्यांत पहिली. हे मी मुद्दाम सांगते, कारण सांगण्यासारखं आहे. पदवीदानाच्या फोटोतला काळा झगा माझ्या मापाचा नाही, पण पदवी माझी आहे. नोकरी मात्र मिळेना. शेवटी हुबळीला दाजीबानपेठेत एका कापडदुकानाच्या माडीवर लग्नाचे व्हिडिओ करणारे एक अण्णा होते, त्यांच्याकडे लागले. कॅमेरा सगळ्यांनाच हवा होता, माइक कुणाला नको होता, म्हणून तो माझ्या हातात आला. लग्नातला खरा आवाज कुणाला ऐकायचा नसतो. वरून सनई लावली की झालं. पण मी टिपून ठेवायचे. पंगतीत एका व्याह्यानं दुसऱ्या व्याह्याला काय म्हटलं, याचा अस्सल साठा त्या काळात माझ्याइतका हुबळीत कुणापाशी नसेल.

पुढं माहितीपट करणारे लोक धारवाडात यायला लागले आणि माझ्या कामाला ध्वनिमुद्रण असं भारदस्त नाव मिळालं. काम काय, तर तक्रार करणं. खोटं नाही सांगत. कॅमेरावाला सुंदर काय ते शोधतो. आवाजवाल्यानं बिघाड शोधायचा. पंखा बंद करा. कुकर उतरवा. आजोबा, खुर्ची कुरकुरते, सतरंजीवर बसता का? वहिनी, बांगड्या. रिक्षा जाऊ दे, मग बोला. लोक वैतागतात. पण डोळ्यांना चुकलेलं एक वेळ चालतं, कानाला चुकलेलं चालत नाही. चित्र हललं तर लोक त्याला कला म्हणतात. आवाज हलला तर खुर्ची मागं सारून उठतात.

फ्रीजचं तर विचारू नका. मुलाखतीच्या खोलीत फ्रीज गुरगुरत असला की तो बंद करावा लागतो आणि काम झाल्यावर चालू करायचा हटकून राहतो. सप्तापूरच्या एका निवृत्त प्राध्यापकांकडे असंच झालं. त्यांनी दोन तास शिस्त या विषयावर बोलून घेतलं, आम्ही नमस्कार करून निघालो, आणि दुसऱ्या दिवशी नातवाच्या वाढदिवसाचं आइस्क्रीम स्वयंपाकघरभर वाहत होतं. त्यांचा फोन आला. शिस्तीवर ते कॅमेऱ्यासमोर बोलले होते त्याच्यापेक्षा कितीतरी चांगलं बोलले. तेव्हापासून मी फ्रीज बंद केला की माझी एक चप्पल त्याच्यावर ठेवते. एका चपलेनं कुणी घरी जात नाही. यजमानीण बघत राहते, पण फ्रीज चालू होतो.

अशी मी, पगार घेऊन तक्रार करणारी बाई, डेपोवाडीत गेले.

अळणावरच्या पुढं जंगलाच्या कडेला जुना लाकडाचा डेपो होता. डेपो उठला, पण ओंडके चढवणारी माणसं तिथंच राहिली. काही मराठी, काही कानडी, काही कोकणी बोलणारी. जातही एक नाही, देवही एक नाही. मत देतात, घरपट्टी भरतात, सगळं रीतसर. पण पाणी कुणी आधी भरायचं, गुरं कुठं बांधायची, भांडण कुणी मिटवायचं, हे त्यांचं ते बघतात. आणि बघायची रीत अशी, की जो तक्रार करेल तो कारभारी.

ही कल्पना ऐकून आमचे दिग्दर्शक कौस्तुभ सर वेडे झाले होते. सर धारवाडच्या वकील घराण्यातले, पुण्यात सिनेमा शिकून आलेले, माझ्याहून लहान, पण शिकवायची हौस दांडगी. कॅमेऱ्याला बसू, माझा दाजीबानपेठेपासूनचा सोबती. वाडीच्या त्या वेळच्या कारभारीण होत्या गंगाक्का. साठीच्या, काटक, नाकात मोरणी, आणि खांद्यावर काळी घोंगडी. ती घोंगडी म्हणजे कारभार.

पहिल्याच मुलाखतीत त्यांनी रीत समजावून सांगितली.

"डेपो उठल्यावर जो तो पुढारी, बाई. सगळे ओरडणारे, करणारा कुणी नाही. तेव्हा एका म्हातारीनं काय केलं, सगळ्यांत मोठ्यानं ओरडणाऱ्याच्या अंगावर आपली घोंगडी टाकली. म्हणाली, तुला एवढं कळतंय तर तूच कर. तेव्हापासून तेच. वाडीच्या हद्दीत चार माणसांच्या कानावर तक्रार घातलीस, की घोंगडी तुझी. तुझी तक्रार तू मिटवायची, आणि दुसरा कुणी तक्रार करेपर्यंत बाकीच्यांचंही निस्तरायचं."

"खोटी तक्रार केली तर?" सरांनी विचारलं.

"खोटी चालत नाही. कट्ट्यावर सगळे ठरवतात."

"आणि कारभाऱ्याला बाहेरगावी जायचं असेल तर?"

"दिवसा जावं, झोपायला परत यावं. रात्री हद्दीबाहेर राहिला, की घोंगडी आधीच्या कारभाऱ्याकडे परत. मग तो असेल तिथून त्याला बोलवायचं. आणि टाकून गेलेल्या वाडीकराला कट्ट्यावर पुन्हा तोंड नाही."

"मग कारभाऱ्यानंच तक्रार केली, की मला हे नको म्हणून?"

गंगाक्कांनी सरांकडे दयेनं पाहिलं. "तक्रार करेल तो कारभारी. मग पुन्हा तोच की हो, सर."

सरांनी आम्हाला बाजूला घेऊन बजावलं, "इथं कुणी तक्रारीचा शब्द काढायचा नाही. रेणुकाताई, विशेषतः तुम्ही." मी मान हलवली. हलवताना मान अवघडली होती, तेही बोलले नाही.

सरांना फिल्मसाठी संघर्ष हवा होता. आम्ही ओळीनं एकेका घरी जाऊन मुलाखती घेतल्या. पण वाडीत जो बोलेल तो स्तुतीच करी. यल्लाप्पामामा म्हणून एक वाळके म्हातारे होते. कॅमेऱ्याकडे बघून म्हणाले, "शेजारच्या सावित्राक्काची म्हैस म्हणजे लक्ष्मी बघा. रोज सकाळी स्वतःच्या पायानं येऊन आमच्या दारात शेण टाकते. आमच्या सुनेलासुद्धा अंगणाची एवढी काळजी नाही."

सावित्राक्का शेजारीच तांदूळ निवडत बसल्या होत्या. त्या म्हणाल्या, "मामांचं मन मोठं. आणि घोरणं तर त्याहून मोठं. आमच्या घरात चोर येत नाहीत हो, सर. त्यांना वाटतं, वाघ पाळलाय."

"तुमच्या कोंबड्या तरी काय कमी गुणाच्या! माझ्या परसातली मेथी बरोबर ओळखतात. पालकाला चोच लावत नाहीत."

"तुमच्याच हाताची गोडी ती, मामा."

सर खिन्न झाले. संध्याकाळी चहा पिताना म्हणाले, "एवढा सलोखा असेल तर फिल्म कशावर करायची?"

बसूनं माझ्याकडे बघितलं, मी बसूकडे. आम्ही दोघंही अशाच गल्ल्यांत वाढलेलो. बसू म्हणाला, "सर, सलोखा नाही तो. ते दोघं सकाळपासून एकमेकांच्या उरावर बसलेत."

"पण ते तर..."

"इथं तक्रार महाग आहे की, सर. म्हणून स्तुतीतच उरकतात."

सरांनी सगळं परत ऐकलं, आणि मग त्यांना इतकं हसू आलं की चहा नाकातून आला. त्या दिवसापासून आमच्यातही तीच भाषा सुरू झाली. बसू मला म्हणायचा, "अक्का, तुझ्या माइकची काठी काय रुबाबदार आहे, दर वेळी माझ्या चित्रात येऊन उभी राहते."

आता एक धंद्यातली गोष्ट सांगते. मुलाखत देणाऱ्याच्या पदराला आम्ही छोटा माइक लावतो. कॅमेरा बंद झाला की माणूस सैल होतो, पण पदरावरचा माइक चालूच असतो आणि तो काढेपर्यंत सगळं माझ्या कानात येत राहतं. त्यातलं मी कधीच कुणाला सांगत नाही. निदान त्या वेळी नाही. पण गंगाक्का माइकसकट घरामागं गेल्या आणि बेळगावच्या लेकीशी फोनवर बोलल्या, ते मी ऐकलं. लेकीचं दुसरं बाळंतपण. रक्तदाब वाढलेला, डॉक्टरनं अंथरुणावरून उठू नको म्हणून सांगितलेलं, माहेरी यायचा प्रश्नच नाही. सासू नाही. थोरलं पोर रांगतं. गंगाक्का म्हणत होत्या, "येते ग. सुटले की येते. कुणीतरी तक्रार करेलच की. नाही कशी करणार? माणसंच आहेत ना?"

पण वर्ष उलटून गेलं तरी वाडीत कुणी तक्रार केली नव्हती. सवलत मागायचं तोंड गंगाक्कांना नव्हतं. यल्लाप्पामामा मागं कारभारी असताना सख्ख्या भावाच्या मुलीच्या लग्नाला त्यांना दोन रात्री जायचं होतं, तेव्हा "रीत म्हणजे रीत" म्हणून आडव्या आलेल्या याच. मामा आता त्यांना रोज भेटून म्हणायचे, "गंगव्वा, तुझ्यासारखी कारभारीण होणे नाही. तू सुटूच नयेस असं वाटतं."

मग माझ्या ध्यानात आलं, की आम्हाला वाडीत चित्रीकरणाची परवानगी पहिल्याच भेटीत कशी मिळाली. अळणावर स्टेशनावर एकदा कुठल्याशा सिनेमाचं चित्रीकरण गंगाक्कांनी पाहिलं होतं. गाडी उशिरा येते, ऊन फार आहे, चहा गार आहे, गर्दी फार आहे: सिनेमावाले सकाळपासून संध्याकाळपर्यंत नुसती तक्रार करत होते. त्या बाईनं आम्हाला कलेच्या प्रेमानं बोलावलेलंच नव्हतं. आम्हाला सावज म्हणून आणलं होतं.

आणि काय काय केलं त्यांनी! पहिल्या दिवशी चहात साखर जास्त, दुसऱ्या दिवशी चहात मीठ. बसू तो मिटक्या मारत प्यायला. मला झोपायला दिलेल्या खोलीत एक करडू बांधलं. मी म्हटलं, "अक्का, सोबत झाली." जेवणात अशी चटणी वाढली की सरांच्या डोळ्यांतून धारा लागल्या. गंगाक्का आशेनं जवळ बसल्या. "काय झालं, सर? तिखट झाली का?" सर म्हणाले, "नाही नाही. आईची आठवण आली." त्या उठून आत गेल्या आणि भांडी जोरात आपटली. तेवढा आवाज मी टिपून ठेवला आहे.

तुम्ही म्हणाल, बाईची अडचण कळली होती तर एक तक्रार करून टाकायची होतीस. सांगते. मला बेंगळुरूहून एका मोठ्या सिनेमाचं बोलावणं आलं होतं. खरा, थेटरात लागणारा सिनेमा. शनिवारी हजर व्हायचं होतं. घोंगडी घेतली असती तर शनिवार गेला असता. म्हणून मी दात आवळून गप्प राहिले. कुत्री भुंकली, मी गप्प. म्हशीच्या गळ्यातली घंटा गंगाक्कांच्या सगळ्यांत चांगल्या वाक्यावर वाजली, मी गप्प. आयुष्यात एवढी मी कधी गप्प बसले नव्हते. अंगावर पुरळ उठल्यासारखं व्हायला लागलं.

शेवटचं मोठं चित्रीकरण राहिलं होतं: कट्ट्यावरची बैठक. ऊन उतरलं होतं. सगळी वाडी जमली होती. प्रकाश असा होता की बसूला गहिवरून आलं. माझ्या कानात वारासुद्धा शहाण्यासारखा होता. गंगाक्का मधोमध बसून बोलायला लागल्या. "आम्ही कारभाराला भितो, म्हणून आमचा कारभार बरा चाललाय. ज्याला खुर्ची हवी असते..."

आणि कट्ट्याशेजारच्या छपरात मिरची कांडपायचं यंत्र सुरू झालं.

वाडीनं सामाईकात घेतलेलं ते यंत्र. लोखंडी मुसळं धाडधाड आपटतात, आणि ब्याडगी मिरचीचा खकाणा उडतो तो वेगळाच. पहिल्यांदा बसू शिंकला. कॅमेरा हलला. मग सर शिंकले. आणि माझ्या आत इतके दिवस कोंडलेलं सगळं एकदम बाहेर आलं.

"कट! बंद करा ते! ही काय कांडपायची वेळ आहे? आणि बैठकीच्या डोक्यावर हे यंत्र आणून ठेवलंय कुणी? सगळ्या आवाजाचा सत्यानाश झाला!"

यंत्र थांबलं. सरांनी डोळे मिटून घेतले. मग यल्लाप्पामामांनी शांतपणे विचारलं, "सगळ्यांनी ऐकलं?"

"ऐकलं!" सगळी वाडी ओरडली. आमच्या घरात शोभली असती अशी ओरड.

"खरी तक्रार आहे?"

"खरी!"

सर मधे पडले. "पण त्या बाहेरच्या आहेत!"

"हद्दीच्या आत बोलल्या की, सर," सावित्राक्का म्हणाल्या. "रीत जागेची आहे, माणसाची नाही."

गंगाक्का उठल्या. घोंगडी माझ्या खांद्यावर टाकली. हेडफोन डोक्यावर, काठी हातात आणि घोंगडी खांद्यावर अशी मी उभी. बसूनं कॅमेरा बंद केला नव्हता. तो मोठा कलाकार आहे. गंगाक्का घरात गेल्या त्या पिशवी घेऊनच बाहेर आल्या. पिशवी आधीच भरलेली होती. जाताना माझ्या गालावरून हात फिरवून म्हणाल्या, "भांडण आलं तर आधी कढत चहा पाज. चहा पिताना ओरडता येत नाही, तोंड भाजतं." आणि संध्याकाळच्या बसनं बेळगावला गेल्या.

त्या दिवसाचा आवाज तपासताना मला त्यात एक गोष्ट सापडली. यंत्र सुरू व्हायच्या जरा आधी, माझं लक्ष काठीच्या माइकात असताना, बोलता बोलता गंगाक्कांनी मागं छपराकडे वळून पदर सावरला आहे आणि पदरावरच्या माइकात अगदी हळू, पण स्पष्ट, शब्द आहेत: "हं, आता लाव." मी ते तीनदा ऐकलं. इतकं स्वच्छ ध्वनिमुद्रण माझ्या हातून आजवर झालेलं नाही.

मग माझा कारभार सुरू झाला. बसू म्हणाला, "अक्का, वेडी का तू? घोंगडी खुंटीला टांग. बस येते, चल. कोण अडवतंय?" खरंच कुणी अडवत नव्हतं. पण मी एक रात्र बाहेर राहिले असते, की घोंगडी आधीच्या कारभाऱ्याकडे परत. म्हणजे बेळगावला निरोप, आणि गंगाक्का लेकीला अंथरुणावर सोडून माघारी. हे लोक बोलावतील आणि ती बाई येईल, याबद्दल मला शंका नव्हती. मी बेंगळुरूला फोन केला.

"येता येत नाही, सर. मी इथं कारभारी झालेय."

"काय झालात?"

"कारभारी. एका वाडीची. मिरचीचं यंत्र हलवायचं आहे."

तो मनुष्य कानडीत म्हणाला, "मॅडम, प्यायला आहात का?" आणि फोन ठेवला. तो सिनेमा पुढं लागला. मी पाहिला. आवाज ठीक आहे.

कौस्तुभ सरांनी मला सोडवायचा प्रयत्न केला, खोटं का बोलू. शिवाय कारभारी व्हायची त्यांना आतून हौसही होती. ते कट्ट्यावर उभे राहून म्हणाले, "माझी तक्रार आहे. इथला चहा फार गोड असतो."

"सर, तुम्ही कप चाटता," सावित्राक्का म्हणाल्या.

"ऊन फार आहे."

"ते आमच्या हातात नाही. पुढं?"

"मला इथं... फार एकटं वाटतं."

बैठकीनं यावर जरा विचार केला. मग यल्लाप्पामामा म्हणाले, "लग्न करा." तक्रार फेटाळली गेली.

माझी तक्रार मलाच मिटवायची होती: यंत्र बैठकीपासून हलवायचं. मला वाटलं, दोन तासांचं काम. मी घरोघरी गेले. कुणीही नाही म्हटलं नाही.

"आमच्या दारात? आमचं केवढं भाग्य!" यल्लाप्पामामा म्हणाले. "पण एवढं भाग्य आमच्या हिच्या दम्याला झेपेल का, तेवढं बघ."

"कसला गोड ठेका आहे हो त्या यंत्राचा," सावित्राक्का म्हणाल्या. "पण म्हैस नाचायला लागली तर दूध कोण काढणार?"

एक जण म्हणाला, यंत्र इतकं थोर आहे की त्याला देवळाजवळच जागा हवी. देवळाजवळच्या घरातून उत्तर आलं, देवाला शिंक आली तर अपशकुन. मी कढत चहा पाजून पाहिला. गंगाक्कांचं म्हणणं खरं होतं. कुणी ओरडलं नाही. पण यंत्रही जागचं हललं नाही. एका बी. ए. झालेल्या बाईला सगळ्या वाडीनं स्तुतीवर स्तुती करून पार थकवलं.

आणि मग मी तेच केलं जे मोठमोठी सरकारं करतात. जो माणूस गावात नाही, त्याच्या दारात नेऊन ठेवायचं. गंगाक्कांच्या घरामागं मोकळी जागा होती. मी नाव घेतलं मात्र, सगळी वाडी एकमुखानं म्हणाली, "वा! काय न्याय आहे!" बाया, बापे सगळे कामाला लागले, ओंडक्यांवरून सरकवत यंत्र तिकडं नेलं, वायर ओढली, छप्पर घातलं. कट्टा शांत झाला. आम्ही बैठकीचं राहिलेलं चित्रीकरण केलं. आवाज असा आला की काय सांगू. दूरवर सुतारपक्षी टोचत होता तोही वेगळा ऐकू येतो.

गंगाक्का परतल्या तेव्हा आम्ही सामान बांधून, फक्त घोंगडीसाठी अडकून बसलो होतो. नातू झाला होता. लेक बरी होती. पेढे वाटत वाटत त्या घराकडं गेल्या, आम्ही सगळे मागं. त्यांनी परसात यंत्र पाहिलं. पेढ्याचा पुडा हातात तसाच राहिला.

गंगाक्का हसल्या.

"अग बाई! लक्ष्मी चालत माझ्या परसात आली! कुणाच्या डोक्यातली कल्पना ही? रेणुका, तुझी? हुशार आहेस हो. शिकलेली आहेस."

बसू माझ्या कानात म्हणाला, "संपलं. आता तू इथंच म्हातारी होणार." आता एक रात्र बाहेर काढली असती तरी घोंगडी गंगाक्कांकडेच गेली असती, पण त्यांच्या परसात यंत्र ठेवून पळून जायला मला तोंड नव्हतं.

यंत्र रोज चालत होतं. गंगाक्का शिंकत होत्या आणि प्रत्येक शिंकेनंतर म्हणत होत्या, "नाक कसं मोकळं झालं!" वाडीला मिरची कांडायचा एवढा उत्साह कधी आला नव्हता, यल्लाप्पामामांनी तर पुढच्या वर्षाचीही मिरची आणली. गंगाक्कांचे डोळे सुजले. पण तोंडातून तक्रार नाही. बाई मुरलेली होती.

शेवटी बाजी फिरली ती वाळत घातलेल्या एका दुपट्यावरून. नातवासाठी त्या जुन्या मऊ लुगड्याचं दुपटं शिवत होत्या. धुऊन परसात वाळत घातलं होतं. संध्याकाळी काढायला गेल्या तर त्याच्यावर मिरचीचा लाल थर. त्यांनी बोट लावून पाहिलं, डोळ्यांत पाणी आलं, आणि ते मिरचीचं नव्हतं.

"हे माझ्या बाळाच्या अंगाला लागलं असतं तर?" त्यांचा आवाज माझ्या माइकाशिवायही वाडीभर गेला. "कोण रे ते, माणसाच्या घरामागं विष कांडतंय? कुणाला लाज आहे की नाही? कारभारीण आहे की दगड?"

सगळे आपापल्या दारात उभे होते. कुणी "ऐकलं" म्हटलं नाही. यल्लाप्पामामासुद्धा खाली बघत होते. गंगाक्का एकदम थांबल्या. स्वतःचेच शब्द त्यांना मागाहून ऐकू आल्यासारखं झालं. त्या माझ्याकडे बघत राहिल्या. मग दुपटं कमरेला खोचलं, खांदा पुढं केला आणि म्हणाल्या, "दे."

मी घोंगडी दिली. देताना म्हटलं, "अक्का, पदरावरचा माइक फार चांगला असतो. 'आता लाव' सुद्धा स्वच्छ येतं."

त्या इतक्या हसल्या, की यंत्र बंद असतानाही शिंकल्या.

पण त्या रीतीचं मर्म मला त्यानंतर दिसलं. मी बाहेरची, मला माझा आवाज स्वच्छ हवा होता; मी यंत्र हलवलं आणि सुटले. गंगाक्कांना त्याच वाडीत नातवाला आणायचं होतं. दुसऱ्या दिवशी सकाळी त्या फावडं घेऊन जुन्या रेल्वे सायडिंगच्या बाजूला गेल्या, जिथं एकही घर नाही, आणि एकट्याच पाया खणायला लागल्या. कुणाला बोलावलं नाही, कुणाची स्तुती केली नाही. थोड्या वेळानं यल्लाप्पामामा आले आणि म्हणाले, "गंगव्वा, काय सुंदर वाकडं खणतेस." आणि पहार हातात घेतली. मग बाकीचे आले. आमची बस निघून गेली तरी आम्ही गेलो नाही. सरांच्या हाताला फोड आले. त्यांनी फोडांची तक्रार केली नाही. पक्के शिकले होते.

फिल्म तयार झाल्यावर वाडीतच पहिल्यांदा दाखवली. संपल्यावर सावित्राक्का म्हणाल्या, "सर, काय गुणकारी आहे हो! आमच्या ह्यांना महिनाभर झोप नव्हती, मधल्या भागात कशी गाढ लागली." सरांनी धारवाडला जाऊन मधला भाग निम्मा कापला. तेव्हापासून फिल्म कुठंही दाखवा, लोक शेवटपर्यंत जागे असतात.

कांडपाची शेड पूर्ण झाली. पक्की आहे, वर पत्रा आहे, वाडीतल्या एकाही घराला खकाणा लागत नाही. गंगाक्कांचा नातू उन्हाळ्यात येऊन राहतो. आणि फिल्मच्या शेवटी नावं येतात त्यात माझं नाव दोनदा आहे: एकदा ध्वनिमुद्रणाखाली, एकदा कारभाऱ्यांच्या यादीत.